जागेवरची थकबाकी

१

घर घेताना आम्ही सगळं पाहिलं. नळाला पाणी जोरात येतं का, छताच्या कोपऱ्यांत ओल आहे का, दारं नीट लागतात का. ह्यांनी प्रत्येक खिडकी दोनदा उघडून-मिटून पाहिली. मी मागच्या खोलीत उभी राहून शिलाई मशीन कुठे बसेल आणि कापायचं टेबल कुठे मावेल याचा अंदाज घेतला. पडदे, सोफ्याची कव्हरं, गाद्यांच्या खोळी शिवणं हा माझा धंदा. त्याला उजेड लागतो आणि एक लांब भिंत लागते. मागच्या खोलीत दोन्ही होतं.

विजेचं बिल मात्र पाहिलं नाही. घरात वीजच नव्हती, मग बिल कसलं पाहायचं?

"घर बंद होतं, म्हणून कनेक्शन काढलेलं आहे. अर्ज केला की चार दिवसांत जोडून देतात," विकणारा म्हणाला होता. त्याचं चष्म्याचं दुकान होतं. घर त्याच्या काका-काकूंचं. दोघंही गेलेले, मूलबाळ नाही, म्हणून ते पुतण्याकडे आलेलं. माणूस मवाळ बोलायचा, फक्त घराच्या आत यायचा नाही. घर दाखवतानाही तो उंबऱ्याबाहेर उभा राहून "बघा ना, बघा" म्हणत होता.

घर माझ्या नावावर झालं आणि आम्ही अर्ज घेऊन वीज कार्यालयात गेलो. तिथल्या कारकुनानं पत्ता संगणकात घातला आणि चष्मा कपाळावर सरकवला.

"या जागेवर थकबाकी आहे."

"आमची कशी असेल? आम्ही आत्ताच घर घेतलं," हे म्हणाले.

"तुमची कुठे म्हणतोय? जागेची म्हणतोय."

"मग जागेकडून घ्या की!"

ह्यांना वाटलं तो हसेल. तो हसला नाही. "साहेब, बिल माणूस भरतो, पण थकतं ते जागेवर. जागा ज्याच्याकडे गेली, त्याच्याकडे ते जातं. थकबाकी कुणी भरायची, हे खरेदीखतात लिहून घेतलंय का?"

ह्यांनी माझ्याकडे पाहिलं, मी ह्यांच्याकडे.

आकडा मी दोनदा वाचला. दोन म्हाताऱ्या माणसांनी एवढी वीज जाळली कशात? कारकुनानं संगणकाचा पडदा आमच्याकडे वळवला. "वापर बघा. उन्हाळा म्हणा, हिवाळा म्हणा, सारखाच. काहीतरी अखंड चालू होतं."

"काय चालू होतं?"

"ते मला कसं कळणार बाई? मला युनिट दिसतात."

शेवटी हप्त्यांवर तोडगा निघाला. त्यासाठी एक हमीपत्र होतं. "या जागेचं जे देणं असेल ते यापुढे माझ्याकडे राहील," त्यानं वाचून दाखवलं. "घर तुमच्या नावावर, सही तुमची."

"टाक करून. अंधारात राहायचंय का?" हे म्हणाले आणि चष्मेवाल्याला फोन लावायला तणतणत बाहेर गेले.

मी सही केली. शेवटचं अक्षर पुरं होताना माझ्या खांद्यापाशी कुणीतरी लांब श्वास सोडला. खूप वेळ रोखून धरलेला असावा तसा. मला वाटलं, हे परत आले. मान वळवून पाहिलं तर मागे मोकळी खुर्ची होती.

२

वीज आली. मी मशीन लावलं, ह्यांनी पंखे बसवले. हे गाडी चालवायला शिकवतात. जगातल्या कुठल्याही अडचणीला पायाखाली एक ब्रेक असतो असा त्यांचा समज आहे, त्यामुळे थकबाकीचा राग त्यांनी लवकरच गिळला.

मीटर दाराबाहेरच्या पेटीत होता. त्यावर एक बारीक लाल दिवा असतो, आत वीज वापरली जात असली की तो लुकलुकतो. एका सकाळी बाजारात जाताना मी घरातलं झाडून सगळं बंद केलं, कुलूप लावलं, आणि सहज पेटीकडे पाहिलं. दिवा लुकलुकत होता.

"फ्रिज चालू असेल," संध्याकाळी हे म्हणाले.

"फ्रिज अजून आलाय कुठे?"

वायरमन बोलावला. गडी धिप्पाड आणि बोलघेवडा. त्यानं मेन स्विच पाडला. घरातलं सगळं थांबलं, दिवा मात्र आणखी भरभर लुकलुकायला लागला. मग त्यानं मीटरपासून घरात येणारी वायरच सोडवली.

"आता थांबला पाहिजे," तो म्हणाला.

"थांबला नाही."

"तेच तर म्हणतोय." त्यानंतर तो फारसं बोलला नाही.

वायर पुन्हा जोडून त्यानं एकेक खोली तपासली. मागच्या खोलीत माझे कापडाचे गठ्ठे बाजूला केल्यावर भिंतीत एक मोठा सॉकेट सापडला. अगदी खाली, माझ्या गुडघ्याच्या थोडा वर.

"एवढ्या खाली कशाला?" मी विचारलं.

"पलंगाशेजारी असणार. पडल्या पडल्या हात पोचावा म्हणून."

सॉकेटभोवतीचा रंग झिजून गुळगुळीत झाला होता. एका बाजूनं आलेला हात तिथे सतत चाचपडत असावा तसा. वायरमननं आतल्या तारा सोडवल्या, टोकांना चिकटपट्टी गुंडाळली आणि "मीटर तपासून घ्या" असं सांगून निघाला. जाताना तो एकदम म्हणाला, "खोलीत कुणी झोपलंय का? मघापासून मी हळू आवाजात का बोलतोय, तेच कळत नाहीये."

३

शिवणकाम करणाऱ्या बाईचे कान मशीनला बांधलेले असतात. दोरा तुटायच्या आधी मला ऐकू येतो. मशीन थांबलं की खोली कशी गप्प होते, तेही मला माहीत आहे.

ही खोली गप्प होत नव्हती. मशीन थांबवलं की मागे गुणगुण उरायची, बंद दारापलीकडे काहीतरी चालू असावं तशी. आणि तिच्यावर, ठरावीक अंतरानं, आधी एक फुसकारा आणि मग टक्. फुसकारा, टक्. मी भिंतीला कान लावला. पलीकडे शेजार नव्हता, मोकळी गल्ली होती. खिडकी लावली तर आवाज कमी होण्याऐवजी जवळ आला.

"तुझ्याच मशीनचा आवाज कानात बसलाय," हे म्हणाले. त्यांनी खोलीत उभं राहून, डोळे मिटून, मनापासून ऐकलं होतं. "मलाही घरी आल्यावर इंजिन ऐकू येतं. धंद्याचा रोग."

मला ते पटलं. पटवून घेतलं. कानाच्या डॉक्टरांकडे जाऊन आले. कान उत्तम आहेत, असं ते म्हणाले. मला त्याचंच वाईट वाटलं.

मग एका दुपारी एक लांब पडदा शिवत होते. सरळ शिवण, पायाचा दाब एकसारखा. शिवून झाल्यावर पाहिलं तर टाके सारखे नव्हते. थोडे दाट, मग विरळ, मग पुन्हा दाट, वरपासून खालपर्यंत. पाय माझाच होता, पण कुठे जोर द्यायचा आणि कुठे सोडायचा, हे मी ठरवत नव्हते. आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की मी श्वासही तसाच घेत होते.

४

मीटर तपासायला कार्यालयाचा माणूस आला. त्यानं आपला एक मीटर शेजारी जोडला आणि काही दिवसांनी येऊन दोन्हींवरचे आकडे पाहिले. दोन्ही सारखे निघाले.

"मीटर बरोबर आहे बाई. वीज तुमच्याच घरात जाते."

"कुठे पण?"

त्यानं खांदे उडवले. बिल आलं ते जुन्या बिलासारखंच होतं. आमचं काय ते थोडं वर मिळवलेलं.

त्याच सुमारास माझ्या नणंदेकडे मुक्कामाला जायचं होतं. "चला, आता कोण वीज खातं ते बघू," म्हणत ह्यांनी निघताना मेन पाडला. मला ते नको होतं. का नको, हे सांगता येईना, म्हणून मी पिशवी उचलली.

परत आलो ते भर दुपारी. बाहेर लख्ख ऊन होतं. मागच्या खोलीचं दार उघडलं तर आतली हवा उबट आणि शिळी, आजाऱ्याच्या खोलीत असते तशी. खिडकीच्या खालच्या काचेवर आतून वाफ धरली होती. त्या वाफेत एक पट्टा पुसलेला होता, तळहातानं पुसावा तसा. बाहेर पाहण्यासाठी उभ्या माणसानं काच पुसली असती तर पट्टा वर असता. हा खूप खाली होता.

सॉकेटमधल्या तारा बाहेर ओढलेल्या होत्या. चिकटपट्टी बारीक बारीक तुकड्यांनी सोललेली.

"उंदीर," हे म्हणाले.

"उंदीर काच पुसतात?"

ह्यांनी तारा परत आत ढकलल्या. बाहेर जाऊन मेन चालू केला. गुणगुण सुरू झाली आणि तिच्यामागून श्वास आला. आता तो श्वास नव्हे असं म्हणण्यात अर्थ नव्हता. पळत आलेल्या माणसासारखा, तुटका, उथळ. मी दाराला धरून उभी राहिले. तो संथ होईपर्यंत मला तिथून हलता आलं नाही.

५

चष्मेवाला एका भिंगावर फडकं फिरवत होता. मला पाहून त्याचं फडकं थांबलं नाही.

"मागच्या खोलीत काय चालू असायचं?" मी विचारलं.

"काकूचं मशीन. श्वासाचं." भिंग उजेडात धरून त्यानं पुन्हा पुसायला घेतलं. "तिची फुप्फुसं गेली होती. काका होते तोवर बिल भरत होते. मग काका अचानक गेले."

"आणि नंतर?"

"नंतर नोटिसा यायला लागल्या. मला. मी म्हटलं, माझा काय संबंध? घर माझं नाही, मीटर माझा नाही. एक बाई यायची तिच्याकडे, तीही पगार थकल्यावर यायची बंद झाली."

"तुम्ही गेला होता का?"

त्यानं फडक्याची घडी उलटी केली. "वीज खांबावरूनच तोडली. आधी त्यांनी दार वाजवलं होतं म्हणे. कुणी उघडलं नाही, त्यांना वाटलं घर रिकामं आहे. ती उघडणार कशी? तिला उठता येत नव्हतं."

दुकानात एक गिऱ्हाईक डोकावलं. चष्मेवाल्यानं त्याला हातानंच थांबवलं आणि पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं.

"ऐकू येतं तुम्हाला?"

"तुम्हाला?"

"यायचं. घर माझ्याकडे आल्यापासून. इथे, रस्त्यात, जेवताना. सारखी धाप. तिथे वीज नव्हती ना. मग एका सकाळी थांबलं. तुम्ही त्याच दिवशी सही केली असणार."

"तुम्ही थकबाकी भरून वीज जोडून घ्यायची होती. तिची धाप तरी थांबली असती."

"थांबली असती. पण मग ती कायमची माझ्याकडे राहिली असती." त्यानं भिंग चौकटीत बसवलं. त्याचा चेहरा तजेलदार दिसत होता. पोटभर झोप मिळालेल्या माणसाचा. "एखादी फ्रेम घेऊन जा ना," तो ओशाळून म्हणाला. "पैसे नकोत."

६

ह्यांना सगळं सांगितलं. ते रागावतील असं वाटलं होतं. ते उलट फार प्रेमानं बोलले.

"त्याचं मन त्याला खातंय, आणि तू ते उचलून घरी आणलंस. असं करू. तू खोलीत बस. मी मेन पाडतो. थोडा वेळच. काही होत नाही, हे तुझं तुला कळेल."

रविवारची दुपार होती. समोरच्या घरात कुणीतरी गाणं लावलं होतं. मी भिंतीशेजारच्या दिवाणावर, कापडाच्या घड्यांजवळ बसले. बाहेरून ह्यांचा आवाज आला, "पाडतोय हं!"

गुणगुण थांबली. फुसकारा आला, पण टक् आलं नाही.

श्वास माझ्या मागून येत होता. एक, मग दुसरा, मग दोन श्वासांमध्ये फार मोठी जागा. मी मनाशी म्हटलं, बाई गं, हे तुझ्या कानांत आहे. समोरचं गाणं ऐक. मी गाणं ऐकायला गेले आणि श्वास घ्यायला विसरले. मग घ्यायला गेले तर तो येईना. छातीवर ओल्या गाद्या रचल्यासारखं झालं. डोळ्यांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं. भिंतीवरून, खाली, बोटं सरकत होती. नखं वाढलेली, चामडी कागदासारखी. ती घाबरलेली नव्हती, सवयीनं चालली होती. रंग झिजलेल्या वाटेनं सॉकेट शोधत होती.

पुढचं ह्यांनी सांगितलं. ते हाका मारत होते आणि मी ओ देत नव्हते. आत आले तेव्हा मी दिवाणावर आडवी होते, ओठ निळे पडलेले, आणि उजव्या हाताची बोटं त्या रिकाम्या सॉकेटमध्ये खुपसत होते.

त्यांनी धावत जाऊन मेन चालू केला. पाणी आणलं. माझे हात चोळत बसले.

"मला काही ऐकू आलं नाही," ते म्हणाले. "शपथेवर सांगतो. पण ह्या स्विचला मी आता हात लावणार नाही."

दुसऱ्याच दिवशी त्यांनी बॅटरी आणून बसवली. वीज गेलीच तर घर चालू राहावं, म्हणून.

७

विकायचं ठरलं. गिऱ्हाईक लगेच मिळालं. एका ग्रंथालयात काम करणाऱ्या बाई, एकट्या राहणाऱ्या, हसऱ्या. मागच्या खोलीत येऊन त्यांनी डोळे मिटले.

"किती शांत आहे हो!" त्या म्हणाल्या. "मला आयुष्यात एवढंच हवं होतं. अशी एक खोली."

मी त्यांच्या शेजारी उभी होते. फुसकारा, टक्. फुसकारा, टक्.

या वेळी व्यवहार नीट होणार होता. वीज कार्यालयात नाव बदलून हप्ते त्यांच्याकडे द्यायचे आणि तेवढी रक्कम घराच्या किमतीतून वजा करायची, असं ठरलं होतं. त्या बाईंना सगळे आकडे माहीत होते. बाकी मी काही सांगितलं नव्हतं. काय सांगणार?

कारकून तोच होता. त्यानं कागद त्यांच्यापुढे सरकवला. बाईंनी पिशवीतून स्वतःचं पेन काढलं. माझ्या खांद्याशी श्वास थांबला. तो आपोआप बंद पडला नव्हता, कुणीतरी रोखून धरला होता. लहान मूल नवीन शाळेच्या दारात उभं राहतं आणि आत कुणाकडे सोपवणार हे बघत असतं, तसा.

मी कागदावर हात ठेवला.

"नको."

"अगं!" हे ओरडले.

"काही राहिलंय का?" बाईंनी गोंधळून विचारलं.

"घर विकायचं नाही मला. माफ करा. तुम्हाला दुसरं मिळेल. चांगलं मिळेल."

त्या रागावल्या, आणि त्यांचा राग बरोबर होता. आम्ही घरी परतलो. दारात चावी फिरवताना हे म्हणाले, "का केलंस?"

"त्या बाईंना शांतता हवी होती."

"आणि आपल्याला?"

मी चपला काढून आत गेले. त्या दिवसापासून हे पुढच्या खोलीत झोपायला लागले. भांडण नाही, अबोला नाही. फक्त मागच्या खोलीकडे त्यांची पाठ असायची.

८

उन्हाळा भरात असताना एका दुपारी गल्लीच्या टोकाला मोठा आवाज झाला आणि सगळे पंखे थांबले. ट्रान्सफॉर्मर जळाला होता. हे बाहेर पळाले. माणसं आली होती, पण काम लांबणार होतं. बॅटरीवर घर थोडा वेळ चाललं. मग बॅटरी रडवेली होऊन पिपाणी वाजवायला लागली.

मी मागच्या खोलीत जाऊन दिवाणाच्या कडेला बसले. दिवाणावर कोरं कापड पसरलं होतं. मी त्याच्याकडे पाहिलं नाही. खिडकीकडे पाहिलं.

"काकू," मी म्हटलं. आजवर मी तिला हाक मारली नव्हती. "घाबरू नका. बाहेर माणसं काम करताहेत. मी आहे इथे."

बॅटरी गेली. फुसकारा आला आणि टक् आलं नाही.

"माझ्याबरोबर घ्या. हा बघा, असा. आत. आता सोडा. पुन्हा आत." मी मोठ्यानं श्वास घेत राहिले, बाळंतिणीला सांगावं तशी सांगत राहिले. मागचा श्वास अडखळला, तुटला, आणि मग माझ्या श्वासाला येऊन लटकला. माझी छाती दुखायला लागली. मला दोघींचं ओढावं लागत होतं. मांडीवर ठेवलेल्या माझ्या हातावर एक हात आला. मला वाटलं होतं तो गार असेल. तो उबदार होता, कोरडा, हलका. मी तो धरला. त्या क्षणी मला खरंच भीती वाटली नाही. कुणीतरी हे आधीच करायला हवं होतं, एवढंच वाटलं.

किती वेळ गेला कोण जाणे. पंखा एकदम गरगरला. गल्लीत गलका झाला, आणि दारातून ह्यांचा आनंदानं फाटलेला आवाज आला, "आली गं, आली!"

गुणगुण सुरू झाली. टक्. श्वास माझ्या श्वासापासून सुटला आणि आपल्या चालीनं संथ चालू लागला. माझे खांदे सैल पडले, डोळ्यांत पाणी आलं.

"झालं काकू," मी म्हटलं, "आता पडा निवांत," आणि हात सोडवून घ्यायला गेले.

त्या हातानं माझी बोटं सोडली आणि मनगट धरलं.

तेव्हा मी वळून पाहिलं. दिवाणावर माझं कोरं कापड होतं आणि त्यात एका माणसाचा आकार खोल रुतलेला. माझ्या डोळ्यांदेखत तो हळूच भिंतीकडे सरकला. कापडाला नवी सुरकुती पडली, आणि अलीकडच्या कडेला एका माणसापुरती जागा झाली.